मापाड्याची वही: 3,000 वर्षांपूर्वीचा इजिप्शियन उपदेश घरच्या घरी कसा वाचावा

सांगलीच्या मार्केट यार्डात मी 31 वर्षं मापाडी होतो. हळद, गूळ, बेदाणा, शाळू, जे येईल ते तोललं. निवृत्त झाल्यावर नातीनं एका संध्याकाळी मोबाइलवरून काहीतरी वाचून दाखवलं आणि म्हणाली, "आबा, हा माणूस तुमच्यातलाच की!" तो माणूस म्हणजे आमेनेमोपे. स्वतःची ओळख करून देताना तो सांगतो की तो धान्याचा अधिकारी आहे, मापांवर देखरेख ठेवतो आणि शेतांच्या हद्दीच्या खुणांची नोंद करतो. हा सगळा उपदेश त्यानं धाकट्या मुलासाठी लिहिला. गेली दोन वर्षं आम्ही दोघं तो वाचतोय. कुणाला वाचायचा असेल तर आमची पद्धत सांगतो.

प्राचीन इजिप्तमध्ये अशा लेखनाला 'सबायत' म्हणत, म्हणजे शिकवण. असे पुष्कळ ग्रंथ आहेत, पण सुरुवात आमेनेमोपेपासूनच करा. त्याचे बरोबर 30 अध्याय आहेत, म्हणजे रोज एक घेतला तर महिन्यात पूर्ण होतो. तो रचला गेला इसवी सनापूर्वी साधारण 1300 ते 1075 या काळात. त्याची मुख्य प्रत लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. 1888 साली वॉलिस बज या अभ्यासकानं ती मिळवली. इंग्रजी भाषांतरं बरीच आहेत, आम्ही मिरियम लिख्टहाइम यांचं वापरतो. नात इंग्रजीतून वाचते, मी मराठीत वहीत उतरवतो. घरात कॉलेजचं पोर असेल तर त्याला हाताशी धरा.

मोठ्यानं वाचा. पहिल्याच अध्यायात तो म्हणतो, कान दे, मन दे, हे शब्द पोटातल्या पेटीत जपून ठेव. शब्दांचं वादळ उठेल तेव्हा हेच तुझ्या जिभेला नावेच्या खुंट्यासारखे धरून ठेवतील. हे ऐकण्यासाठीच लिहिलेलं आहे. नुसतं डोळ्यांखालून घातलं की हाती लागत नाही, हा माझा अनुभव. वहीत एका ओळीवर एकच वाक्य लिहा. मूळ पपायरसावरही, म्हणजे पाणवनस्पतीपासून केलेल्या कागदावरही, तसंच ओळीओळीनं लिहिलेलं आहे.

आधी दोन माणसं ओळखून घ्या, कारण ती पानोपानी भेटतात. एक तापट, दुसरा शांत. चौथ्या अध्यायात तापट माणसाला बंद जागेत वाढलेल्या झाडाची उपमा आहे: क्षणभर पालवतं, मग लाकडाच्या वखारीत जातं आणि शेवटी जाळच त्याचं कफन होतो. शांत माणूस मोकळ्या रानातल्या झाडासारखा, गोड फळांचा, गार सावलीचा. इथला शांत म्हणजे मुखदुर्बळ नव्हे. बोलण्याआधी थांबणारा, असं समजून वाचा.

यानंतरची पायरी सगळ्यात महत्त्वाची. तुमच्या हाताला जे काम माहीत आहे, त्याचा अध्याय शोधा आणि त्याच्यावर आठवडा काढा. माझे अध्याय 16 आणि 17. सोळाव्यात तराजू आहे: काटा झुकवू नको, वजनं खोटी करू नको. तराजूपाशी वानराच्या रूपात थोत हा देव बसलेला असतो आणि त्याचं काळीज म्हणजे तराजूचा ओळंबा, असं तो म्हणतो. इजिप्तच्या तराजूची दांडी समपातळीत आहे की नाही, हे ओळंब्यानं बघत, हे कळलं तेव्हा मला ते वाक्य उलगडलं. मेल्यावर माणसाचं काळीज एका पारड्यात आणि मात देवीचं पीस दुसऱ्यात, हे इजिप्तचं चित्र बहुतेकांनी पाहिलेलं असतं. मात म्हणजे सत्य, न्याय आणि जगाची घडी, तिन्ही एकत्र. ते चित्र डोळ्यांसमोर ठेवून सोळावा अध्याय वाचा, म्हणजे बाजारातला काटा आणि मरणानंतरचा काटा एकच आहे हे ध्यानात येतं.

सतरावा धान्याच्या मापाचा. माप दाबून भरू नको की सांडेल, आणि त्याचं पोट रिकामंही ठेवू नको. आमची आजी पायलीनं शाळू मोजायची. गड्याला देताना शीग लावायची, स्वतः घेताना वरून हात फिरवून सपाट. तो 'वरून फिरणारा हात' इथं आहे, नेमका आणि सरळ. पुढं म्हणतो, माप म्हणजे रे या सूर्यदेवाचा डोळा, आणि कापणाऱ्याचा त्याला तिटकारा आहे.

इथं मी वही मिटली होती. कारण सांगतो. ऐन उमेदीत एका दुकानात जतच्या शेतकऱ्याचा शाळू तोलत होतो. पोतं काट्याला टांगलेलं असताना दुकानातल्या माणसानं खालून गुडघा लावला. मी पाहिलं आणि काटा दाखवत होता तोच आकडा पुकारला. पोतं दोन-तीन किलोनं कमी भरलं असेल. तो शेतकरी माझ्याकडे बघत होता, काट्याकडे नाही. ही गोष्ट मी कुणाला सांगितली नव्हती. सतराव्या अध्यायाखाली वहीत लिहिली. तुमच्या अध्यायापाशी असं काही आठवलं तर तुम्हीही लिहा. उपदेश नुसता उतरवून काढला तर ते अर्धंच वाचन.

जमीनवाल्यांनी सहावा घ्यावा. शेताच्या हद्दीची खूण हलवू नको, हातभर जमिनीचा लोभ धरू नको, विधवेच्या हद्दीत शिरू नको. नाईलला दरवर्षी पूर यायचा, शेतं गाळाखाली जायची आणि दोरी धरून पुन्हा मोजणी व्हायची. 2005 आणि 2019 चा कृष्णेचा पूर ज्यांनी पाहिलाय, पाणी ओसरल्यावर बांध शोधत रानातून फिरलेत, त्यांना हा अध्याय कुणी समजावून सांगायला नको. देणंघेणं असणाऱ्यांनी तेरावा वाचावा. गरिबाच्या नावावर मोठं कर्ज दिसलं तर त्याचे तीन भाग कर, दोन सोडून दे, एक ठेव. रात्री झोपून सकाळी उठशील तेव्हा ते तुला शुभवार्तेसारखं वाटेल. मुकादमकी करणाऱ्या माझ्या मेहुण्याला मी हा वाचून दाखवला. तो बराच वेळ काही बोलला नाही.

एक सावधगिरी. प्रत्येक ओळीला "हे तर आपल्या संतांनी सांगितलंच आहे" म्हणायचा मोह होतो. दहा-पंधरा दिवस तो आवरा. होडी, पूर, पपायरस, त्यांचे देव हे त्यांचं त्यांच्याजवळ राहू द्या.

महिना संपला की दोन ठिकाणी अवश्य जा. एक, आनी नावाच्या लेखनिकाचा उपदेश. आईनं तुला दिलं त्याच्या दुप्पट भाकरी तिला दे, असं तो सांगतो. शेवटी त्याचा मुलगा वाद घालतो की हे सगळं पाळणं फार अवघड आहे, आणि बाप त्याला उत्तरं देतो. दुसरं, पाचव्या राजवंशातल्या वजीर प्ताहहोतेपच्या नावावरचा, आमेनेमोपेहूनही जुना उपदेश. चांगलं बोलणं हिरव्या रत्नाहून दुर्मीळ, तरी ते जात्यावर दळणाऱ्या दासींपाशी सापडतं, असं त्यात आहे. माझी आई पहाटे जात्यावर ओव्या म्हणायची. ही ओळ मी वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलीय.

आमेनेमोपेच्या प्रतीच्या शेवटी ती उतरवून काढणाऱ्या सेनू नावाच्या लेखनिकानं स्वतःचं आणि बापाचं नाव घातलंय. तिसावा अध्याय झाला की तुम्हीही तसंच करा. आमच्या वहीत माझं नाव, वडिलांचं नाव, तारीख आणि खाली नातीची सही आहे.