ट्युनिकसारखा फोटो, पण आपल्या पुळणीवर

उघड्या माणसांच्या गर्दीचे फोटो काढणाऱ्या अमेरिकन फोटोग्राफर स्पेन्सर ट्युनिकने 2016 ला इंग्लंडच्या हलमध्ये 3200 माणसं निळी रंगवून उघडी उभी केली, ते बघून गुहागरला करूया म्हणणाऱ्यांनो, आपल्याकडे भारतीय न्याय संहितेचं कलम 296 (सार्वजनिक ठिकाणी अश्लील कृत्य) आहे, सरळ एका रंगाचे पंचे वाटा, लांबून तेवढंच भारी दिसतं. दिवस अमावस्या-पौर्णिमेच्या आसपासचा धरा, उधाणाची ओहोटी साधारण पहाटे पाच-सहाला, पुळण लांबवर उघडी आणि उजेडही मऊ. पोलीस, नगरपंचायत तर आहेच, पण आधी रापणवाल्यांना (किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्या मच्छीमारांना) विचारा, त्यांची जाळी ओढायची वेळ असेल तर गप मागे व्हा. अठराच्या खालचं कोणी नको, संमती लेखी, सहीसकट, मोबाईल पिशवीत. भोंगा मात्र दमदार आणा, वाऱ्यात काय्येक ऐकू येत नाही!