साऊंड एडिटिंगमध्ये यायचंय? आधी रूम टोन गोळा करायला शिका

एफटीआयआयला माझा नंबर लागला नाही, म्हणून अंधेरीतल्या एका छोट्या स्टुडिओत असिस्टंट म्हणून घुसले. प्रो टूल्स हे सॉफ्टवेअर, त्याचे शॉर्टकट वगैरे तुम्हाला येत असणारच, नसेल तर महिन्याभरात येतं, ते सोडा. मी जिथे आपटले ते सांगते: रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाही माइकमध्ये येत राहणारा त्या जागेचा बारीक आवाज.

पहिली फिल्म, डायलॉग एडिट माझ्याकडे. वाड्यातलं स्वयंपाकघर, आजी आणि नातू, सिंक साऊंड (म्हणजे शूटिंगच्या वेळीच रेकॉर्ड केलेला आवाज). आजीच्या क्लोजअपला बूम (दांड्यावरचा माइक) खिडकीकडे, त्यात लांबची पिठाची गिरणी येतेय, नातवाच्या क्लोजला बूम आतल्या भिंतीकडे, तिथे सगळं शांत. म्हणजे कट पडला की गिरणी चालू, कट पडला की बंद! मी काय केलं, एकेका क्लिपला दणकून डीनॉइज (मागचा आवाज पुसणारं टूल) मारला. हेडफोनवर इतकं स्वच्छ की मीच माझ्यावर खूश. मिक्स थिएटरात (जिथे सगळे आवाज एकत्र बसवतात) लागलं तेव्हा आजी बादलीत तोंड घालून बोलतेय आणि दर दोन वाक्यांमध्ये खड्डा. मिक्सर सर मागे न बघता म्हणाले, "घर कुठे गेलं गं?" दोन रात्री जागून सगळं परत केलं.

तर नीट ऐका, रूम टोन खोलीचा नसतो, अँगलचा असतो. शूटच्या शेवटी वेगळा घेतलेला 30 सेकंदांचा टोन (घेतला असेल तर, तोवर अर्धं युनिट जेवायला पळालेलं असतं) बऱ्याचदा जुळतच नाही, कारण माइकचं तोंड भलतीकडे असतं. तुम्हाला हवा तो टोन त्याच शॉटच्या रॉ टेकमध्ये सापडतो, ॲक्शनच्या आधी, दोन वाक्यांच्या मध्ये, कट म्हणायच्या आधीच्या अर्ध्या सेकंदात. असे तुकडे वेचायचे, दोन्ही अँगल वेगळ्या ट्रॅकवर ठेवायचे आणि गिरणीवाला टोन शांत अँगलच्या खाली लांब फेड देऊन, म्हणजे हळूहळू वाढवत-कमी करत, सरकवायचा. गिरणी जात नाही, पण कट ऐकू येत नाही. लूप (तोच तुकडा परत परत जोडणं) जपून करा, माझ्या लूपमध्ये एक कावळा राहिला होता, दर चार सेकंदांनी हजर. आणि हे सगळं करायला एएएफमध्ये (एडिटरकडून साऊंडला येणारी फाइल) भरपूर हँडल (कटच्या आधी-नंतरचा जादा आवाज) आणि सगळे आयसो ट्रॅक (प्रत्येक माइकचा वेगळा ट्रॅक) लागतात, ते एडिटरकडून भांडून घ्या. डीनॉइज शक्यतो मिक्सरवर सोडा.

फ्रेम रेट (सेकंदाला किती फ्रेम) पहिल्याच दिवशी विचारा. 23.976 आणि 24 मध्ये घोळ झाला तर 20 मिनिटांच्या रीलला शेवटी जवळपास सव्वा सेकंद लिपसिंक गेलेला असतो.

"पाच मिनिटांत सिनेमॅटिक डायलॉग"वाले व्हिडिओ बघून मला अजून चीड येते. गुरू करायचा तर तुम्हाला मिक्सला मागच्या खुर्चीत बसू देणारा करा, नुसत्या हार्डडिस्क कॉपी करायला लावणाऱ्याकडे तीन महिन्यांच्या वर थांबू नका. घाबरू पण नका हो, मलाही पहिले सहा महिने दोन टोनमधला फरक कळायचा नाही, कान आपोआप तयार होतात.

पैसे मात्र अर्धे आधी आणि उरलेले फायनल सेशन द्यायच्या अगोदर. त्या गिरणीवाल्या फिल्मचे माझे अजून यायचेत.