माहितीपटाला संगीत देताना : कोल्हापुरातल्या नवोदितांसाठी

माहितीपटात माणसं बोलत असतात. त्या बोलण्याला जागा ठेवणं हे संगीतकाराचं निम्मं काम. निवेदनाखाली बासरी किंवा हार्मोनियमची चाल सोडली की शब्द बुडतात, कारण दोन्ही आवाज एकाच पट्ट्यात येतात. मग मिक्सिंगवाला संगीत इतकं खाली ओढतो की ते असून नसल्यासारखं होतं. तिथे खर्जातला एखादा लांब स्वर पुरतो. चाल दोन वाक्यांमधल्या मोकळ्या जागेत आणा.

संकलन पक्कं होईपर्यंत चाली सुचवा, पण रेकॉर्डिंग करू नका. टाइमकोड (तास, मिनिट, सेकंद, फ्रेमचा चालता आकडा) चित्रावरच छापलेली प्रत मागून घ्या आणि संगीत कुठे सुरू होणार, कुठे थांबणार, हे दिग्दर्शकासोबत बसून लिहून काढा. सॉफ्टवेअरमधला प्रोजेक्ट ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटचा ठेवा. फ्रेमरेट (सेकंदाला किती फ्रेम) चित्राचा असेल तोच. टीव्हीचं काम बहुधा २५ फ्रेमचं असतं. तिथे मिनिटाला ७५ मात्रांची लय फार सोयीची: एक मात्रा बरोबर २० फ्रेमची. ३२ सेकंदांच्या प्रसंगात ४० मात्रा, म्हणजे आठ मात्रांच्या केरव्याची पाच आवर्तनं, आणि पुढची सम थेट कटवर. ऐनवेळी दोन सेकंद कापले गेले, तर लय ८० करा. त्याच ४० मात्रा ३० सेकंदांत बसतात. मात्र वाजवून घेतलेली हलगी अशी ताणता-आवळता येत नाही, म्हणून खरी वाद्यं शेवटी घ्या.

आणि खरी वाद्यं घ्याच. कुस्तीच्या मैदानात हलगी, घुमकं, कैताळ वाजवणारे हात याच जिल्ह्यात आहेत. सॅम्पलमध्ये, म्हणजे संगणकातल्या तयार आवाजांत, तो ठेका सापडत नाही. कातड्याची हलगी आपल्याकडच्या पावसाळी हवेत लवकर उतरते, त्यामुळे टेक चालू असताना मधूनमधून शेकायला वेळ ठेवा. नाहीतर पहिला आणि पाचवा टेक जोडताच येत नाहीत. माइक दीड मीटर लांब, पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास. आधी वादकाला चित्र दाखवा, मगच लय सांगा. मानधन त्याच दिवशी द्या.

शास्त्रीय संगीताचा पाया पक्का करायला १८८३पासूनचा गायन समाज देवल क्लब आणि शिवाजी विद्यापीठाचा संगीत विभाग गावातच आहेत. सॉफ्टवेअर घरी शिकता येतं.

देताना तालवाद्यं, सुरावट आणि आस (मागे धरलेले लांब स्वर) अशा वेगळ्या फाइली द्या, सगळ्या एकाच टाइमकोडपासून सुरू होणाऱ्या. करारात बदलांच्या फेऱ्या किती, ते लिहून घ्या. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीनुसार चित्रपटगृहाबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीतला आपला समान वाटा वारस किंवा कॉपीराइट सोसायटी सोडून कुणालाही लिहून देता येत नाही. आयपीआरएसचं, म्हणजे संगीतकार-गीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या कॉपीराइट सोसायटीचं, सदस्यत्व घ्या, आणि प्रत्येक तुकड्याचं नाव, लांबी व संगीतकार नोंदवलेली क्यू शीट निर्मात्याकडे फाइलींसोबतच द्या. प्रक्षेपणानंतर ती करायला कुणी बसत नाही.