गैरहजेरीमुळे खारीज झालेले दिवाणी अपील पुन्हा फायलीवर कसे आणावे

तालुक्याच्या न्यायालयातील हुकूमनाम्याविरुद्ध (दाव्यातील अंतिम निर्णयाविरुद्ध) नागपूरच्या जिल्हा न्यायालयात अपील करून वर्षे लोटलेली असतात, आणि एखाद्या पेशीला पुकारा होतो तेव्हा ना अपीलकर्ता हजर असतो, ना त्याचा वकील. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 41 (संहितेतील अपिलांविषयीच्या नियमांचा गट), नियम 17 नुसार न्यायालय अशा वेळी अपील खारीज करू शकते. तसे करणे मात्र बंधनकारक नाही. वकील उभा राहिला तर पक्षकार स्वतः नसला तरी ती हजेरीच होय.

प्रथम रोजनामा (प्रत्येक पेशीला काय झाले याची न्यायालयातील नोंद) आणि खारिजीचा आदेश वाचावा, कारण पुढचा मार्ग त्यातील शब्दांवर ठरतो. 1976 च्या दुरुस्तीने नियम 17 ला जोडलेल्या स्पष्टीकरणाप्रमाणे अपीलकर्ता गैरहजर असताना अपील गुणदोषांवर, म्हणजे वादाच्या मूळ मुद्द्यांवर, फेटाळता येत नाही, ते केवळ गैरहजेरीसाठीच खारीज करता येते; सर्वोच्च न्यायालयानेही अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम या प्रकरणात हेच सांगितले आहे. तरीही गुणदोषांवर निकाल दिलेला असल्यास उच्च न्यायालयात कलम 100 खालील द्वितीय अपिलात हा मुद्दा घ्यावा.

आदेश गैरहजेरीचाच असेल, तर आदेश 41 मधील नियम 19 खाली त्याच न्यायालयात अर्ज करावा. मुदत कायद्याच्या अनुच्छेद 122 नुसार त्यासाठी 30 दिवस मिळतात आणि ते खारिजीच्या तारखेपासून मोजले जातात. आपल्याला ती बातमी कधी कळली, याला येथे महत्त्व नाही. आदेशाची नक्कल मिळण्यात गेलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वगळले जातात तसे या अर्जाच्या मुदतीतून वगळले जात नाहीत, म्हणून नकलेची वाट पाहत बसू नये. मुदत उलटली असल्यास मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंबमाफीचा वेगळा अर्ज जोडावा आणि उशिराचे कारण त्यात तारखांसह सांगावे.

खरी कसोटी लागते ती ‘पुरेसे कारण’ दाखवताना. ‘अपरिहार्य कारणाने हजर राहता आले नाही’ या एका ओळीने काहीच सिद्ध होत नाही. नरखेडहून निघालेला पक्षकार आजारी पडला असेल, तर कोणत्या दिवशी, कोणत्या दवाखान्यात, किती दिवस, हे प्रतिज्ञापत्रात लिहावे आणि कागद जोडावेत. चूक वकिलाची असेल तर तसे सांगण्यास संकोच करू नये. पक्षकाराने आपल्याकडून सर्व काही केले असताना वकिलाच्या गैरहजेरीची झळ त्याला बसू नये, अशी भूमिका सर्वोच्च न्यायालयाने 1981 मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात घेतली होती. मात्र मधल्या काळात आपण वकिलांकडे चौकशी करत होतो, हेही दाखवावे लागते. वर्षानुवर्षे न फिरकलेल्या माणसाला या निर्णयाचा आधार मिळणे कठीण.

कारण सिद्ध झाले की न्यायालयाला अपील पुन्हा दाखल करून घ्यावेच लागते. खर्च भरण्यासारख्या अटी घालण्याचा अधिकार मात्र त्याला राहतो. अर्ज फेटाळला गेल्यास आदेश 43, नियम 1(टी) खाली त्या आदेशाविरुद्ध अपील होते, आणि जिल्हा न्यायालयाचा आदेश असेल तर ते उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात जाते.

अपिलात मिळालेली स्थगिती खारिजीबरोबर संपते आणि समोरचा पक्ष हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची दरखास्त पुढे रेटू शकतो. त्यामुळे ताबा जाण्याची भीती असल्यास अंतरिम संरक्षणाची मागणी पुनर्दाखलाच्या अर्जासोबत पहिल्याच दिवशी करावी.