बंद पडलेल्या स्टेशनाचा इतिहास कसा लिहावा: बार्शी लाईटच्या निमित्ताने

बार्शी लाईट रेल्वे या कंपनीच्या कुर्डुवाडी–बार्शी–लातूर आणि कुर्डुवाडी–पंढरपूर–मिरज या नॅरोगेज (अरुंद रुळांच्या) मार्गांवरची कित्येक छोटी स्टेशनं रूंदीकरणानंतर वापरातून गेली. गावकऱ्यांना आपल्या स्टेशनाचा इतिहास लिहायचा असेल, तर पडकी इमारत उभी आहे तोवरच कामाला लागावं.

आधी तुमच्या फाट्यावर गाडी कधी सुरू झाली ते साल पक्कं करा. कुर्डुवाडी–बार्शी 1897, पंढरपूर 1906, लातूर 1911, मिरज 1927. कंपनी 1954 साली सरकारने घेतली. पण मार्ग सुरू झाला त्याच वर्षी तुमचं स्टेशन सुरू झालं असं धरू नका. लहान थांबे अनेकदा मागाहून मिळत. त्यासाठी निरनिराळ्या वर्षांची छापील वेळापत्रकं लावून बघा: एकात गावाचं नाव नाही आणि पुढच्यात आहे, तर उत्तर त्या दोन वर्षांच्या मधलं. नावंही तपासा. कुर्डुवाडीचं स्टेशन कागदोपत्री ‘बार्शी रोड’ होतं.

जागेवर सगळ्यात बोलका पुरावा म्हणजे रूळ. आता ते कुंपणाचे खांब किंवा छपराच्या तुळया होऊन उभे असतील. रुळाच्या उभ्या पोटावर कारखान्याचं नाव, वजन (यार्डाला इतके पौंड) आणि साल उठावाच्या अक्षरांत असतं. मऊ ब्रशने माती झाडा, खडू आडवा धरून फिरवा, संध्याकाळी टॉर्च बाजूने मारा; अक्षरं उमटतात. तारेचा ब्रश किंवा ॲसिड लावू नका, गंजाबरोबर अक्षरंही जातात. मिळालेलं साल रूळ कारखान्यात तयार झाल्याचं आहे, स्टेशनाचं नव्हे. टाटांचं पोलाद 1912 मध्ये निघू लागलं, म्हणून लातूरच्या बाजूला टाटांचा रूळ दिसला तर तो नंतर बदललेला किंवा दुसरीकडून आणलेला समजा. रूळ जागेवर असतील तर दोन माथ्यांच्या आतल्या कडांमधलं अंतर मोजा. नॅरोगेजला ते 762 मिलिमीटर भरतं. तिथली एकही वस्तू घरी नेऊ नका, तो गुन्हा आहे. फोटो घ्या, शेजारी मोजपट्टी ठेवा.

कागदपत्रांत या मार्गाची एक खरी अडचण आहे. बार्शी इंग्रजी मुलखात, तर येडशी, ढोकी, लातूर निजामाच्या. म्हणून पलीकडच्या गावांचे जुने भूसंपादनाचे कागद हैदराबादच्या दप्तरातही शोधावे लागतात, तेही उर्दूत आणि फसली, म्हणजे निजामाच्या राज्यातल्या महसुली सालात. फसलीत 590 मिळवा: फसली 1320 म्हणजे 1910–11. साल दोन इंग्रजी वर्षांत पसरतं, म्हणून महिना न पाहता एकच इंग्रजी साल लिहिलं की एका वर्षाची चूक होऊ शकते. बार्शीच्या बाजूला जुने कागद मोडी लिपीत मिळतील. तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात गावाचा नकाशा मागा. रेल्वेची पट्टी त्यावर वेगळ्या गटात दिसते.

रूळ सांभाळणाऱ्या म्हाताऱ्या गँगमनला, सांधे बदलणाऱ्या पाइंटमनला वर्ष विचारू नका. ‘पोलीस ॲक्शनच्या आधी की नंतर? बहात्तरच्या दुष्काळात गाडी कशी भरायची? किल्लारीच्या भूकंपाच्या वेळी स्टेशन मास्तर कोण?’ असं विचारा. रात्रीचा कंदील कुठे टांगायचे, मालधक्क्यावर काय चढायचं, हे त्यांना इमारतीपाशी नेऊन विचारलं की आपोआप आठवतं. तो कोपरा लगेच नकाशावर मांडा.

लिहिताना प्रत्येक वाक्यापुढे ते कागदावरून, जागेवरून की तोंडी कळलं हे नोंदवा. तिन्हींत फरक पडला तर तिन्ही तसेच ठेवा आणि एक प्रत गावच्या वाचनालयात द्या.