जामीनदाराची सही करण्याआधी

गोव्यातल्या फोंड्याच्या पतसोसायटीत मित्राच्या कर्जाला जामीन राहताना क्लार्क पेन्सिलीच्या फुलीवर बोट ठेवतो, आपण सही करतो, चहा येतो. कागद कोण वाचतो? पण भारतीय करार कायदा, १८७२ चे कलम १२८ सांगते की, करारात वेगळे ठरले नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. ‘आधी त्याच्याकडून वसूल करा’ हे उत्तर कोर्टात टिकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९६८ मध्येच हे स्पष्ट केले आहे. कोर्टाचा हुकूमनामा (वसुलीचा निकाल) झाला की पगारावरही जप्ती येते: पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून.

म्हणून सहीआधी जामीन रकमेची कमाल मर्यादा लिहून घ्या. गोव्यात नवरा-बायकोची मालमत्ता बहुधा सामाईक, तेव्हा घरीही विचारा (लाजू नका). तुमच्या संमतीशिवाय कर्जाच्या अटी बदलल्या तर कलम १३३ नुसार त्यानंतरच्या व्यवहारांतून सुटका होऊ शकते, पण छापील फॉर्ममध्ये हा हक्क बऱ्याचदा आधीच सोडून दिलेला असतो. फॉर्ममधली ती अट शोधाच. आणि पैसे भरावेच लागले तर पावती जपा. कलम १४५ खाली ते कर्जदाराकडून मागता येतात.