फाटकावरची अडवणूक आणि पोलीस संरक्षणाचा आदेश

महापे औद्योगिक वसाहतीतील आमच्या कारखान्यात संप सुरू झाला, तेव्हा कामगारांच्या त्या हक्काबद्दल माझी काहीच तक्रार नव्हती; परंतु संघटनेचे लोक फाटकात उभे राहून मालाचे टेम्पो परत पाठवू लागले आणि कामावर येऊ इच्छिणाऱ्या स्त्रियांनाही आत सोडेनात, तेव्हा गप्प राहणे मला अन्यायाचे वाटले. पोलीस ठाण्यात अर्ज दिल्यावर ‘हा मालक-कामगार वाद आहे’ एवढेच उत्तर मिळाले. अर्जाची पोच मात्र मी जपून ठेवली.

वकिलांच्या सल्ल्याने ठाण्याच्या औद्योगिक न्यायालयात अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणाऱ्या १९७१ च्या राज्य अधिनियमाच्या कलम २८ खाली तक्रार दाखल केली. संपात नसलेल्या कामगारांना प्रत्यक्ष अडवणारे पिकेटिंग, म्हणजे संपकऱ्यांचे फाटकावरचे धरणे, त्याच्या तिसऱ्या अनुसूचीत अनुचित प्रथा ठरवलेले आहे. सीसीटीव्ही चित्रण, परत गेलेल्या गाड्यांच्या गेट रजिस्टरमधील नोंदी आणि अडवलेल्या कामगारांची प्रतिज्ञापत्रे पाहून न्यायालयाने कलम ३० (२) खाली अडवणुकीला अंतरिम, म्हणजे अंतिम निकालापर्यंतची, मनाई दिली. तरीही अडवणूक थांबेना, म्हणून संविधानाच्या अनुच्छेद २२६ नुसार मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे पोलिसांना त्यांचे कर्तव्य बजावण्याचा आदेश मागणारा अर्ज, केली. मनाईहुकूम आणि ती पोच हाताशी असल्यामुळे पोलीस संरक्षणाचे निर्देश मिळाले.

आदेशाची प्रमाणित प्रत पोलीस आयुक्तालय आणि पोलीस ठाणे, दोन्हीकडे द्यावी. आम्हाला मिळालेला बंदोबस्त माणसांच्या आणि गाड्यांच्या ये-जा करण्यापुरताच होता. अंतरावर शांतपणे बसलेल्यांना हटवण्यासाठी तो नव्हता, आणि ते योग्यच होते. मागण्यांवरची बोलणी आम्ही कामगार आयुक्तालयाच्या अधिकाऱ्यांसमोर चालूच ठेवली.